कोंड्यातली कॅसेट

धसईच्या बाजारात कासारापुढे हात देऊन बसले होते. माहेरी चार दिवस आले होते, घरात चुलतभावाचं लग्न होतं. डावा हात भरून झाला होता, उजव्यात निम्म्या बांगड्या चढल्या होत्या, आणि कासार माझी बोटं दाबता दाबता सहज म्हणाला, "तो भूतवाला बाळाराम गेला म्हणं पहाटे, तालुक्याच्या दवाखान्यात. कावीळ अंगावर काढली. तुमचाच ना तो?" आमच्या घरी अजून खबर पोचली नव्हती. मी म्हटलं, "आमच्या गावचा." एवढंच म्हटलं. ज्याला लहानपणापासून भाऊबीजेला ओवाळलं, ज्याच्या आणि आमच्या घरामध्ये फक्त एक कुडाची भिंत, तो आमच्या गावचा! आणि उरलेल्या बांगड्याही भरून घेतल्या मी. उठून जावं, हात सोडवून घ्यावा, हे सुचलंच नाही. त्याहून वाईट म्हणजे पहिल्यांदा आठवण त्याची आली नाही, वहिनीची नाही, त्याच्या लेकीची नाही. आठवली ती कॅसेट. माझ्या लग्नाची व्हिडिओ कॅसेट वर्षानुवर्षं त्याच्याकडे पडून होती, तो दर वेळी "ने" म्हणायचा आणि मी दर वेळी काहीतरी कारण सांगायचे. बांगड्या वाजवत घरी चालत आले तेव्हा माझी मलाच लाज वाटली. त्याला आता काही आठवडे झाले, लाज काही कमी झालेली नाही. म्हणून हे लिहितेय. मी लेखिका वगैरे नाही, बालवाडीत शिकवते. चुकलंमाकलं सांभाळून घ्या.

बाळारामदादा निर्माता होता. हसू नका, तो स्वतः कधी हसला नाही त्या शब्दाला. दहावीला नापास झाला आणि मुंबईला एका दुकानात कॅसेटी उतरवायच्या कामाला लागला. एका मशिनमधून दुसऱ्या मशिनमध्ये, दिवसभर तेच. तिथे त्याने जगातली सगळी भुतं पाहिली म्हणायचा. चिनी भूत, विलायती भूत, मद्रासी भूत. "पण आपलं भूत कोणीच नाय दाखवत गो रंजे," तो मला सांगायचा, "आपली हडळ, आपला वेताळ, आपला मुंजा. यांनी कोणाचं घोडं मारलंय?" नव्वदच्या आसपास तो परत आला तो दोन व्हीसीआर, एक रंगीत टीव्ही आणि खांद्यावर घ्यायचा जुना कॅमेरा घेऊन. मुरबाडच्या स्टँडमागे त्याने व्हिडिओ सेंटर टाकलं. लग्नाची शूटिंग करायची, पूजेला, बारशाला व्हीसीआर भाड्याने द्यायचा आणि उरलेल्या वेळात भुताचे पिक्चर काढायचे. त्याच्या बापाने कपाळावर हात मारून घेतला. आमच्या घरातले मात्र खूश, कारण फुकटात पिक्चर बघायला मिळायचा.

आमच्याकडे तेव्हा संध्याकाळ झाली की लाईट इतकी डिम व्हायची की टीव्हीतलं माणूस सुपारीएवढं दिसायचं. त्यामुळे दादाची भुतं भर दुपारी यायची. देवळाच्या सभामंडपाला चारी बाजूंनी गोणपाटं बांधायची, आत अंधार करायचा, आणि बारा वाजता, बाहेर रणरणतं ऊन असताना आत बायका एकमेकींना चिकटून बसायच्या. पिक्चरचं नाव थर्माकोलच्या अक्षरांत यायचं, आणि ती अक्षरं कोणाच्या तरी मांडवातल्या 'शुभविवाह'ची असायची. म्हणून दादाच्या पिक्चरच्या नावाला कडेने चमकी आणि बदाम असायचे. रक्त करायचा कुंकू आणि काकवीचं. एकदा मयताचं काम करणाऱ्या पक्याला काकवीमुळे मुंग्या लागल्या आणि तो चितेवरून बोंबलत उठला. दादाने तो तुकडा तसाच ठेवला. अख्ख्या तालुक्यात त्या सीनला बायकांनी किंकाळ्या फोडल्या! हडळीची चाल विचित्र दाखवायला तो नटीला मागे मागे चालायला लावायचा आणि मग ती कॅसेट उलटी फिरवत दुसऱ्या मशिनवर उतरवून घ्यायचा. तसं केलं की पडद्यावर पांढऱ्या मुंग्या यायच्या, रेघा पडायच्या. लोक म्हणायला लागले, बाळारामच्या पिक्चरमध्ये भूत यायच्या आधी टीव्हीच घाबरतो. त्याला हे फार आवडलं होतं. लेकाचा कुठेही चारचौघांत स्वतःच सांगायचा.

कॅसेटींना पावसाळ्यात बुरशी धरते. एकदा धरली की चित्र गेलं आणि मशिनचं डोकंही गेलं. त्यावर त्याने गावठी उपाय काढला होता. भातगिरणीतून कोंडा आणायचा, उन्हात खडखडीत वाळवायचा, पत्र्याच्या डब्यात भरायचा आणि त्यात कॅसेटी पुरून ठेवायच्या. त्याच्या सेंटरमधून आणलेली कुठलीही कॅसेट झटकली की कोंडा पडायचा. लोक चिडवायचे, "काय शेठ, औंदा भुतांचं पीक कसंय?"

आता चांगुणाआत्याबद्दल सांगते, कारण तिच्याशिवाय दादाची गोष्ट सांगता येत नाही. ती माझ्या वडिलांची सख्खी बहीण. नवऱ्याने दुसरी केली म्हणून माहेरी आली आणि बांबूच्या बेटापाशी एका खोपटात राहिली. आत्या धवलारीण होती. आमच्याकडे भटजी मंगलाष्टकं म्हणून मोकळा होतो, पण लग्न खरं लावते ती धवलारीण. मांडवाची मेढ रोवण्यापासून हळद, तेल, आंघोळ, पोरीची पाठवणी, प्रत्येक गोष्टीचा धवळा, म्हणजे गाणं, वेगळं. त्यात नवरीचं, तिच्या बापाचं, मामाचं, सगळ्यांचं नाव गुंफायचं, तेही तिथल्या तिथे. आत्याचा गळा असा, की लाऊडस्पीकर लावलेला असला तरी तिचं वेगळं ऐकू यायचं. अर्ध्या मुरबाड तालुक्याची लग्नं तिने लावली असतील. आणि तिला एक सवय होती. कोणाच्याही दारात तान्हं पोर दिसलं की ती दोन्ही हात पुढे करायची आणि म्हणायची, "दे गो, जरा माझेकडं दे." पोरांच्या आया काम करत असायच्या, त्या खुशाल द्यायच्या. आम्ही सगळी तिच्याच मांडीवर मोठी झालो.

दादाने 'वेशीवरची म्हातारी' काढायचं ठरवलं तेव्हा भुताळीच्या कामाला म्हातारी हवी होती. आत्या आपणहून पुढे झाली. "मी करीन की! लग्नात काय कमी नाटकं करते मी?" इतकी हौस तिला, काय सांगू. केस मोकळे सोडले, काजळाने डोळे काळे करून घेतले, दात रंगवले, आणि कॅमेरा चालू झाला की अशी बघायची की उजेड फेकायला थर्माकोल धरून उभ्या असलेल्या माझ्या अंगावर सरसरून काटा यायचा. दादा "कट" म्हणाला की हीच पहिली हसायची. पिक्चरची गोष्ट अशी होती की एक म्हातारी बाळंतिणीच्या दारात येते, पोर मागते, आणि तिच्या मांडीवर गेलेलं पोर जगत नाही. म्हातारीने पोर मागताना काय म्हणायचं, ते दादाने लिहून आणलं होतं, लांबलचक, पुस्तकी. आत्याला ते पाठ होईना. तेव्हा दादाच म्हणाला, "आत्या, सोड ते. तू रोज म्हणतेस तसंच म्हण." मग तिने हात पुढे केले आणि म्हटलं, "दे गो, जरा माझेकडं दे." हळू म्हटलं, गोड म्हटलं. दादा कॅमेरा खाली ठेवून म्हणाला, "बस! यापुढं काय नको." त्या दिवशी त्याच्याएवढा सुखी माणूस धसईपासून माळशेजपर्यंत नसेल.

पिक्चर तुफान चालला. सभामंडपात तीन दुपारी लागला, मग वैशाखऱ्याला, मग शहापूरकडे, किन्हवलीपर्यंत कॅसेटी गेल्या. कॅसेटीवरून कॅसेट उतरवून लोकांनी वाटल्या. पोरं एकमेकांना घाबरवायला रस्त्यात हात पुढे करून "दे गो..." म्हणायला लागली. आत्या हे ऐकून हसायची. दादा तर तरंगत होता.

आणि मग एक दिवस आत्या शेजारच्या वासंतीच्या अंगणात गेली. वासंतीची सून पोराला तेल लावत बसली होती. आत्याने नेहमीसारखे हात पुढे केले, "दे गो, जरा माझेकडं दे." ती सून बसल्या जागेवरून पोरासकट मागे सरकली. तिने काही मुद्दाम केलं नाही हो, बिचारीच्या अंगात भीती भरली. आत्याचे हात तसेच हवेत. मी आमच्या ओटीवरून बघत होते. आधी आत्याला वाटलं गंमत आहे, ती हसली. मग तिने सुनेच्या तोंडाकडे बघितलं.

आमच्या गावात असं तोंडावर कोणी बोलत नाही. फक्त बोलावणी थांबली. हळदीला कोणीतरी दुसरीकडची धवलारीण आणायला लागलं. कोणाचं पोर किरकिर करायला लागलं तर आदल्या दिवशी कोण कोण येऊन गेलं याची आठवण निघायला लागली. आमची आईसुद्धा... जाऊ दे. आत्या लहान पोर दिसलं की हात पदराखाली घ्यायला लागली. ते मला अजून दिसतं. पदराखाली दोन्ही हात, थंडी वाजत असल्यासारखे, ऐन वैशाखात. आणि ते वाक्य तिच्या तोंडून पुन्हा कधी कोणी ऐकलं नाही.

दादाला कळलं तेव्हा तो आमच्या पडवीत येऊन बसला आणि बराच वेळ पायाच्या अंगठ्याने जमीन उकरत राहिला. "मी आपली आत्या खाल्ली गो रंजे," म्हणाला. "पिक्चरमधली भुताळी खोटी होती. वाक्य खरं घेतलं मी. खोटं घ्यायला पायजे होतं." मग तो कॅसेटी परत गोळा करायला निघाला. सायकलवर, एसटीने, जिथे जिथे गेल्या तिथे. पण दोन गोळा केल्या की पाच नव्या निघायच्या. मग त्याच्या सिनेमावाल्या डोक्याने दुसरी शक्कल काढली. त्याने आत्याला बसवून एक नवा शेवट काढला. आत्या मोकळे केस बांधते, तोंड धुते, केसांत फूल माळते, कॅमेऱ्याकडे बघून हसते आणि म्हणते, "मी चांगुणा, मी लग्नं लावते, हा सगळा खेळ हाय." सापडतील त्या कॅसेटींच्या शेवटी त्याने हे जोडलं. झालं काय, ठाऊक आहे? लोक म्हणाले, "बघा! रूप बदलते!" अरे देवा. दादाने ते ऐकलं आणि सेंटरच्या पायरीवर मटकन बसला. माणसाने चूक सुधारायला जावं आणि ती दुप्पट व्हावी, हे मी तेव्हा पहिल्यांदा बघितलं. त्यानंतर त्याने भुताचा एकही पिक्चर काढला नाही. कोणी विचारलं तर म्हणायचा, कॅमेऱ्याला बुरशी लागली.

त्यानंतर माझं लग्न ठरलं. सासर किन्हवलीचं. बोलाचाली झाल्या, मानपान झाले, आणि शेवटी माझ्या होणाऱ्या सासूबाई चहाचा कप खाली ठेवत अगदी मऊ आवाजात म्हणाल्या, "धवलारीण आमी आमची आणू हं. तुमी नका त्रास घेऊ." घरात सगळ्यांना कळलं. किन्हवलीला पिक्चर पोचलेला होताच. सख्ख्या भावाच्या लेकीचं लग्न, आणि आत्या धवळे म्हणणार नाही! वडिलांचं तोंड उतरलं, पण सोयरीक मोडायची ताकद त्यांच्यात नव्हती. मी रडून गोंधळ घातला, आत्या नाही तर मी बोहल्यावर चढणार नाही म्हटलं, दोन घास जेवले नाही. दुसऱ्या दिवशी आत्याच आली. गळ्याभोवती फडकं गुंडाळून. "मना जमणार नाय गो बाय. घसा बसलाय माझा." तिचा घसा ठणठणीत होता, सगळ्या घराला माहीत होतं. मी तिच्या गळ्यात पडून रडले. आणि रडताना मनात कुठेतरी बरं वाटलं, की सुटलो एकदाचे, आता भांडण नको. ते बरं वाटणं माझ्या छातीत काट्यासारखं अजून बसलंय.

लग्नाची शूटिंग अर्थातच दादाकडे. लग्नाच्या सकाळी मांडवात सगळे हजर, बँड आला, किन्हवलीची धवलारीण येऊन बसली, आणि दादाचा पत्ता नाही. वडील शिव्या देऊन दमले. सासरकडच्यांनी नाकं मुरडली. अंतरपाट धरला तेव्हा मी मान वर करून बघितलं, कॅमेरा कुठेच नव्हता. माझ्या लग्नाचा एक फोटो आहे, तोही मामाच्या रोलमधला, त्यात माझे डोळे मिटलेले. पाठवणीच्या वेळी जीप सुरू झाली तेव्हा दादा बांबूच्या बेटाकडून धावत आला, खांद्यावर कॅमेरा, घामाने निथळत. खिडकीत वाकून म्हणाला, "तुझ्या लग्नाची कॅसेट तयार हाय. अख्खं लग्न घेतलंय, आत्याच्या तोंडून. ती खोपटापाशी बसून सगळे धवळे बोलली तुझे." माझ्या शेजारी सासूबाई बसल्या होत्या. मी म्हटलं, "दादा, नंतर बघू." जीप निघाली.

ते "नंतर बघू" लांबतच गेलं. सासरी घरात व्हीसीआर नव्हता, मग होता पण सासूबाई होत्या, मग सीडी आली. दर खेपेला माहेरी आले की दादा विचारायचा. मी हसण्यावारी न्यायचे. त्याने तोपर्यंत आपल्या धंद्याला स्वतःच खीळ घातली होती. लग्नाची सुपारी द्यायला कोणी आलं की पहिला प्रश्न, "धवलारीण कोण? चांगुणाआत्या असेल तर येतो, नायतर दुसरा बघा." लोक दुसरा बघायचे. स्टँडमागे दोन नवीन पोरांनी दुकानं टाकली, त्यांच्याकडे गाणी आणि बदाम जोडून द्यायचे कॉम्प्युटर होते. दादाच्या सेंटरवर कोळिष्टकं धरली. सुलूवहिनी मुकाट्याने शिवणकाम करायची. एकदा मी त्याला रागावले, "अरे, घरात खायला तरी घाल, कसली रे ही ऐट?" तो म्हणाला, "ऐट नाय गो. लाज हाय. लाजेला भूक लागत नाय." मला तेव्हा हे बोलणं नाटकी वाटलं होतं. त्याला नाटकी बोलायची खोडच होती म्हणा.

त्याला लेक झाली, दीपाली, तेव्हा मी तिच्या पाचवीला आले होते. माझा मुलगाही तेव्हा तान्हाच होता, त्याला मी किन्हवलीला ठेवून आले. का ठेवला, ते सांगायला नको. पाचवीच्या पूजेला आमच्याकडे बाळंतिणीच्या खोलीत बाहेरचं माणूस घेत नाहीत, सटवी येऊन पोराचं नशीब लिहिते त्या दिवशी, सगळे धास्तावलेले असतात. नेमका तो दिवस दादाने निवडला. तो आत्याला हाताला धरून घेऊन आला. खोलीतल्या बायका भिंतीला लागल्या. सुलूवहिनी पांढरीफटक, पण तिने पोर नवऱ्याच्या हातात दिलं. दादा आत्याला म्हणाला, "आत्या, माग. पूर्वीसारखी माग." आत्याने मान हलवली. हात पदराखालीच. "माग गो," तो पुन्हा म्हणाला. आत्या नाहीच बोलली. मग त्याने ते पाच दिवसांचं पोर तिच्या मांडीवर ठेवलं आणि आपले हात काढून घेतले. पोर घसरायला लागलं... आणि आत्याचे हात पदराबाहेर आले. काय करणार? यावेच लागले. तिने पोर उचलून छातीशी धरलं आणि इतकी रडली की दीपालीपण दचकून रडायला लागली. दीपालीला नंतर ताप आला, खोकला झाला, जी काय लहान पोरांची दुखणी असतात ती सगळी झाली, आणि प्रत्येक दुखण्यात गाव दादाकडे बघत होतं. दादाने पोर आत्याकडे न्यायचं एक दिवस चुकवलं नाही. पोरगी वाढली, धट्टीकट्टी झाली. मग एक घर, दोन घरं, असं करत आयांनी पोरं परत द्यायला सुरुवात केली. पण मांडवात आत्याला पुन्हा कोणी बोलावलं नाही. चार वर्षांनी ती गेली. तिच्या मयताला दादाने मडकं धरलं.

माझी दादाशी शेवटची भेट गेल्या दिवाळीत. सेंटर बंद झालं होतं, सगळा पसारा घरात एका खोलीत आणून ठेवला होता. तो खाली बसून चाळणीने कोंडा चाळत होता. डोळे पिवळे दिसत होते, मी म्हटलंही, डॉक्टरला दाखव. "दाखवीन. तू कॅसेट कधी नेतेस?" मी म्हटलं, "आता कुणाकडे व्हीसीआर आहे दादा? सीडी करून दे ना." तो म्हणाला, "सीडी करून देईन. पण एकदा इथं बसून बघ, माझ्यादेखत." मला बघायची नव्हती. आत्याच्या तोंडून माझं नाव ऐकायचं आणि त्याच्यादेखत ऐकायचं, एवढी हिंमत माझ्यात नव्हती. मी म्हटलं, एसटीची वेळ झाली. एसटीला तासभर अवकाश होता. मी स्टँडवर जाऊन तासभर बसले.

दिवसकार्य झाल्यावर मी गेले. वहिनीने डब्यात हात घालून कॅसेट काढली, झटकली, कोंडा साडीवर सांडला. दीपालीने मशिन लावलं. मी भिंतीला टेकून बसले. आधी नुसत्या मुंग्या. मग खोपटाचं अंगण, बांबूचं बेट, आणि आत्या. नऊवारी, ठसठशीत कुंकू, गळ्याला फडकं नाही. लांबून माझ्या लग्नातला बँड ऐकू येत होता. त्या आवाजावरून ती अंदाज घेत होती, आता हळद उतरली असेल, आता नवरदेव वेशीवर आला असेल, आणि बरोबर त्या त्या वेळचा धवळा म्हणत होती. माझं नाव, वडिलांचं, मामाचं. नवऱ्याचंही घेतलं, सासूबाईंचंही घेतलं, मान देऊन घेतलं. बाळाराम भावाचंही घेतलं, नवरीच्या भावाच्या, करवल्याच्या जागी. अंतरपाटाच्या वेळी लांबून टाळ्या वाजल्या, तेव्हा तिने मूठभर तांदूळ समोर कॅमेऱ्यावरच टाकले, काचेवर टकटक झालं. पाठवणीचा धवळा अर्धा झाला आणि ती थांबली. बँडही थांबला होता. कॅमेरा हलायला लागला.

आत्याने वर बघितलं. दोन्ही हात पुढे केले आणि म्हणाली, "दे रे, जरा माझेकडं दे."

चित्र गरकन फिरलं. बांबू, आभाळ, आत्याचा पदर. मग कॅमेरा तिच्या मांडीवर उताणा, आणि वरून दादाचा चेहरा आत आला. तिशीतला, मिशा राखलेला, नाक पुसत असलेला आमचा दादा. "बटन दाबू नको आत्या, चालू हाय." "असू दे चालू. रडतोस कशाला रे? लग्नघर हाय." तो म्हणाला, "चुकलो गो मी." आत्याचा हात त्याच्या गालावरून फिरला. मग म्हणाली, "पिक्चर चांगला झाला होता रे तुझा." तो रडता रडता हसला, त्याचा हात बटनाकडे आला, आणि मुंग्या आल्या. वहिनीने पदर तोंडाशी घेतला. म्हणाली, "एवढ्या कॅसेटी हायत घरात, ताई, एकातपण ते नायत. कायम कॅमेऱ्याच्या मागं. फक्त तुमच्या लग्नात हायत."

व्हीसीआर आणि डबा घेऊन मी किन्हवलीला आले. रविवारी दुपारी खिडक्यांना गोणपाटं बांधली, सासूबाईंना खुर्चीवर बसवलं, आजूबाजूच्या बायकांना हाका मारल्या, माझ्या लग्नाची कॅसेट आलीय, बघायला या. सासूबाई आता थकल्यात, पण कान शाबूत आहेत. सगळे धवळे त्यांनी ऐकले, स्वतःचं नाव आलं तेव्हा चष्मा काढून पुसला, "धवळा पक्का होता हं बाईचा," असं पुटपुटल्या. मग दादाचा चेहरा आला. त्या पुढे वाकल्या.

"आणि हा कोण गो, रडतोय तो? तुमचाच का?"

"आमचाच," मी म्हटलं. "माझा भाऊ."